काचभिंतीचं तिसरं तोंड

पालघरला मी गेलो तो दहा मिनिटं बोलायला, आणि परत आलो चार दिवसांनी, डाव्या अंगठ्याला पट्टी बांधून. मधल्या दिवसांत जे पाहिलं ते लिहून ठेवतो, कारण साताऱ्यात ज्याला ज्याला सांगितलं त्यानं आधी अंगठ्याकडे पाहिलं आणि मग माझ्याकडे, संशयानं.

माझी सगळी नोकरी इमारतींचे नकाशे काढण्यात गेली. भिंत दिसली की ती किती जाड, कशावर उभी आणि पडणार कधी, हे तीन प्रश्न मला पडतात. ती वाजते का, हा प्रश्न पडत नाही. त्यामुळे निमंत्रणपत्रिकेवर 'काच, नाद आणि काल: किनारपट्टीची विस्मृत वास्तुपरंपरा' असं वाचल्यावर मी पत्रिका उलटून जेवणाची सोय आहे का ते पाहिलं. होती. होकार कळवला.

पालघर, गुरुवार

उद्घाटनाची समई पेटेना. पंख्याच्या वाऱ्यानं वाती विझत होत्या, आणि पंखा बंद केला की त्याच बटणावर चालणारा माईकही बंद पडत होता. शेवटी अध्यक्षांनी विझलेल्या समईला हात जोडले, आणि दीपप्रज्वलन झालं असं जाहीर करण्यात आलं.

सभागृहाच्या मधोमध काचेचा मंडप उभा केला होता. निळ्या-हिरव्या पट्ट्या, खालून पांढरे दिवे, आणि आत लपवलेल्या स्पीकरमधून समुद्राचा आवाज. समुद्र दर चार मिनिटांनी थांबायचा आणि पहिल्यापासून सुरू व्हायचा. थांबण्याआधी प्रत्येक वेळी तोच माणूस खोकायचा. मंडप रचणारे तरुण वास्तुविशारद रेशमी सदऱ्यात होते. त्यांनी सांगितलं की काच म्हणजे दृष्टी, नाद म्हणजे स्मृती आणि काल म्हणजे या दोहोंमधली पोकळी. टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या. न समजलेल्या वाक्याची आपल्याकडे अशीच पोच द्यायची असते.

परंपरा मात्र खरी होती. पत्रिकेसोबतच्या टिपणात तिची माहिती चार ओळींत होती, आणि त्या दिवसभरातलं शहाणपण त्या चार ओळींतच संपलं. मुरबे ते तारापूर या पट्ट्यात खाड्यांच्या काठी जुन्या मिस्त्र्यांनी काचेच्या बाटल्या चिणून भिंती बांधल्या. भरती चढली की बाटल्या एकेका ओळीनं घुमतात, आणि कुठली ओळ घुमते यावरून खाडीत पाणी किती ते कळतं. पूर्वी अशा सात भिंती होत्या. आज एकच चालू आहे, मुरब्यात, कोळ्यांच्या काचआळीत.

त्या भिंतीची देखभाल करणारे हिरामण मिस्त्री हे त्या दिवशीचे सत्कारमूर्ती. सत्तरीचे, काटक, आणि चुन्यात आयुष्य गेल्यामुळे नखं पांढुरकी. शाल पांघरल्यावर त्यांना दोन शब्द बोलायला सांगितलं. त्यांनी दोन शब्दांऐवजी एक प्रश्न विचारला.

"ह्या मंडपाला पानी कुठशी देता?"

"काका, हे प्रतीकात्मक आहे," वास्तुविशारद म्हणाले.

"म्हंजे नाय देत."

"नाही, तसं प्रत्यक्ष नाही."

"मंग ही भिंत नाय. शोकेस हाय. चांगली हाय, पन शोकेस हाय." एवढं बोलून ते खाली उतरले आणि माझ्या शेजारच्या खुर्चीवर येऊन बसले. शाल घडी करून मांडीखाली घेतली, कारण खुर्ची टोचत होती.

जेवताना त्यांनीच विषय काढला. "तुमी भिंतींचे सायेब ना? मंग रविवारी आमच्याकडं या. त्रिपुरी पुनवेची आळीची बैठक हाय. भिंत ठेवायची का पाडायची, त्ये ठरनार. राहिली तर बघा, पडली तर त्येबी बघा."

"पाडायची का?"

"उशिरा बोलते. दोन वर्सं झाली. अर्धा तास." त्यांनी ताटातली जिलबी बाजूला सारली. "माज्या भाच्याची होडी रुतली तिच्यामुळं. आता आळी तिला थापाडी म्हनते. माज्या बापानं बांधली, साठ वर्सं खोटं बोलली नाय. आता काय झालंय त्ये मला कळंना, आनि रविवार तर उद्याचा परवा."

दहा मिनिटांची भाषणं मी पुष्कळ दिली आहेत. त्या दिवशीचं सात मिनिटांत संपवलं आणि परतीचं तिकीट पुढे ढकललं.

बोईसर, शुक्रवार

मिस्त्रींचं निदान पक्कं होतं: दोष काचेत आहे. जुन्या सोड्याच्या बाटल्या फुटत गेल्या, त्यांच्या जागी नव्या बसवल्या, आणि "आताची काच मुकी." म्हणून चांगली काच शोधायला आम्ही बोईसरच्या भंगाराच्या वखारीत गेलो.

बोईसरमध्ये रस्ता ओलांडणं हा एक उद्योग आहे. ट्रक, टँकर, कंपनीच्या बसगाड्या, आणि पाळी सुटल्यावर डबे हलवत चालणारे कामगार. चहाच्या टपरीवर मी मराठीत चहा मागितला, टपरीवाल्यानं हिंदीत दिला, आणि शेजारच्यानं भोजपुरीत 'गरम आहे, सांभाळा' असं काहीतरी सांगितलं, ते मला जीभ भाजल्यावर कळलं.

वखारीत बाटल्यांचा डोंगर होता. मिस्त्री त्याच्या पायथ्याशी बसले आणि एकेक बाटली ओठाला लावून फुंकू लागले. फुंकायचं, कान द्यायचा, नखानं टिचकी मारायची, बाजूला ठेवायची. माल निवडणारा एक तरुण कामगार जरा वेळ पाहत राहिला आणि म्हणाला, "चाचा, पीना ही है तो भरी हुई लो ना. खाली में क्या मिलेगा?"

"खाली में ही मिलता है," मिस्त्री म्हणाले. "भरेली तो गूँगी होती है."

यावर तो तरुणही खाली बसला आणि फुंकू लागला. मग मी. दोन तासांत आम्ही तिघांनी काही शे बाटल्या फुंकल्या असतील. मला तिसाव्या बाटलीला गरगरायला लागलं, आणि मी पोत्यावर बसून राहिलो. शेवटी अकरा बाटल्या पसंत पडल्या. तरुणानं त्या वर्तमानपत्रात गुंडाळून दिल्या आणि एक जास्तीची, निळी, आपल्यातर्फे दिली. ती वाजत नव्हती. "रंग के वास्ते," तो म्हणाला.

वाटेत पामच्या फाट्याजवळ मिस्त्रींनी बाहेर बोट दाखवलं. "हिकडं एक होती. तिचा मिस्त्री गेला, तशी तीबी गप झाली." भिंतीबद्दल बोलताना ते माणसाचीच क्रियापदं वापरत. भिंत बोलते, रुसते, गप होते. मी वहीत 'वाजते' असंच लिहीत होतो. शनिवारपर्यंत.

मुरबे, शनिवार

भिंत खाडीच्या अगदी काठावर उभी आहे. दोन पुरुष उंच, वीसेक पावलं लांब, दगडाची आणि चुन्याची. पाण्याच्या बाजूला खालपासून वरपर्यंत, पायऱ्यांसारखी चढत गेलेली पाच भोकं आहेत. त्यांना 'तोंडं' म्हणतात. प्रत्येक तोंडातून भाजलेल्या मातीचा नळ भिंतीच्या पोटातून वर जातो आणि बाटल्यांच्या एका ओळीखाली उघडतो. पाणी एखाद्या तोंडापाशी आलं की लाटा आत आपटतात, नळातली हवा वर ढकलली जाते आणि त्या ओळीच्या बाटल्यांच्या गळ्यांवरून फुंकर जाते. पाणी आणखी चढलं की ते तोंड बुडतं, ती ओळ गप्प होते आणि वरची सुरू होते. ओहोटीला हेच उलट्या क्रमानं. एवढंच. यात दृष्टी, स्मृती आणि पोकळी कुठे बसते ते मला सापडलं नाही, पण हे ज्यानं योजलं त्याच्यापुढे मी टोपी काढली असती, टोपी असती तर.

भिंतीला पाठ लावून एक पडवी आहे. बाटल्यांची बुडं या पडवीच्या बाजूला दिसतात, आणि दुपार कलली की सूर्य त्यांतून आत येतो. शेणानं सारवलेल्या जमिनीवर हिरवे, तपकिरी, निळसर ठिपके पडतात आणि बसल्या बसल्या ते सरकताना दिसतात. होड्यांची वाट पाहणाऱ्या बायका इथे जाळी विणत बसतात.

आमच्याकडे वेळ विचारली तर माणूस मनगट बघतो. इथे मी एका बाईंना विचारलं, "किती वाजले?" त्यांनी कान दिला आणि म्हणाल्या, "चौथी चालू हाय." ही वेळ रोज पाऊण तासानं पुढे सरकते आणि त्यात कुणाचं काही बिघडत नाही. बिघडतं ते भिंत चुकली की. खाडीच्या मुखाशी वाळूचा एक आडवा बांध पाण्याखाली आहे, त्याला इथे उंबरठा म्हणतात. तिसरी ओळ वाजली की उंबरठ्यावर होडीपुरतं पाणी असतं. भरतीला याचा अर्थ 'आता आत या', आणि ओहोटीला 'आत्ता निघा, नाहीतर उद्या'.

दोन वर्षांपूर्वी ओहोटीला तिसरी उशिरा बोलली. तिच्या भरवशावर निघालेली होडी उंबरठ्यावर रुतली, लाटांनी आडवी झाली आणि तळाची फळी फुटली. माणसं वाचली. अर्धा हंगाम बुडाला. ती होडी मिस्त्रींच्या भाच्याची, विनोदची.

विनोद तांडेल पस्तिशीचा. तांडेल म्हणजे होडीवरचा प्रमुख. मिस्त्री शिडीवर चढून अकरा बाटल्या बसवत होते तेव्हा तो खाली येऊन उभा राहिला.

"मामा, खाडीचा पाट सरकलाय. बाटल्या बदलून तो जागेवर येत नाय."

"तुजं ऐकून घेतलंय मी."

"घेतलंय तर आनखी एक घे. उद्या दुपारी ओहोटीला मी होडी तिच्या बोलन्यावर काढनार. फोन बघनार नाय, बांबू टाकून पानी मोजनार नाय. निघाली तर मी गप बसतो. रुतली तर भिंत पाडायची, आनि पयली पहार तू मारायची."

मिस्त्रींच्या हातातली थापी थांबली. "मारीन," ते म्हणाले, आणि चुना लावू लागले.

मी मिस्त्रींच्या बहिणीकडे, म्हणजे विनोदच्या आईकडे उतरलो होतो. काशीबाय. साठी उलटलेली, आवाज सातपाटीच्या बाजारात कमावलेला, गुडघे मात्र गेलेले. आमच्याकडे पाहुण्याला आधी पाणी, मग चहा, मग 'कसं काय येणं केलंत'. इथे आधी 'मासली खाता ना?' उत्तर 'हो' आलं की बाकीच्या चौकशा रद्द होतात आणि माणूस घरचा होतो.

"पावन्याला आज कालवं घालते," ती म्हणाली. "आता कुनी काढत नाय. सगळ्या पोरी कंपनीत जातात, येताना बोईसरवरनं कोंबडी आनतात. चिखलातलं काम नको कुनाला."

कालवं म्हणजे ओल्या दगडाला चिकटून वाढणारी शिंपली. संध्याकाळी पाणी उतरल्यावर ती एकटीच टोपली आणि लोखंडी टोचा घेऊन खाडीकडे गेली. तासाभरानं टोपली भरून आली. जेवायला तांदळाची भाकरी आणि कालवांचं सुकं: कांदा, आमसूल, हिरवी मिरची आणि समुद्र. दुसरं वर्णन करणं मला जमणार नाही. मी तीनदा वाढून घेतलं. मामा आणि भाचा एकाच पंगतीला होते आणि एकमेकांशी बोलत नव्हते, त्यामुळे वाढपाची सगळी सोय माझ्यामार्फत झाली. "पावने, मामाला भाकरी विचारा." "पावने, तांडेलाला सांगा, मीठ तिकडं हाय."

मुरबे, रविवार

सकाळी भरती चढू लागली तशी सगळी आळी भिंतीपाशी जमली. परीक्षा दुपारी होती, पण अकरा नव्या बाटल्या काय बोलतात ते सगळ्यांना ऐकायचं होतं.

पहिली ओळ नेहमीसारखी वाजली, खालच्या सुरात, लांबून म्हैस हंबरावी तशी. दुसरी वाजली. आणि दुसरी सुरू होऊन दहा मिनिटं होतात न होतात तोच तिच्या अंगावर तिसरी सुरू झाली. दोन्ही एकदम. असं कुणी कधी ऐकलं नव्हतं. दुसरीनंतर तिसरी यायला बराच वेळ लागतो हे आळीतलं शेंबडं पोरही जाणतं. दोन सूर एकमेकांना घासून भिंत अक्षरशः थरथरत होती.

"चळली!" कुणीतरी म्हणालं आणि हशा पिकला.

विनोद हसला नाही. "हिच्यावर मी होडी घालू?" तो मिस्त्रींना म्हणाला. "काल उशिरा बोलत होती, आज वेड्यागत बोलते. मामा, काय केलंस तू?"

मिस्त्री भिंतीला हात लावून उभे होते. तापलेल्या माणसाच्या कपाळावर ठेवतात तसा तळवा होता. मी त्यांना धीर द्यावा म्हणून दोन कारणं पुढे केली. एक, नव्या बाटल्यांचे गळे अरुंद असल्यानं कमी हवेतही आवाज होत असावा. दोन, ताज्या चुन्यातला ओलावा. दोन्ही मी अधिकारवाणीनं सांगितली आणि दोन्ही चूक निघाली. अधिकारवाणी कमावण्यात मी तीस वर्षं घालवली आहेत, त्यामुळे ती अशा वेळी आपोआप लागते.

दुपारी जेवायला बसलो. कालची कालवं थोडी उरली होती. मी हावरेपणानं विचारलं, "काशीबाय, ही कुठल्या खडकावरची? आमच्याकडे वर्णन करायला बरं."

"खडकावं कुठं जाते मी आता, पावने? गुडघा वाकत नाय. भिंतीच्या तोंडातली काढली."

"कुठल्या तोंडातली?"

"तिसऱ्या. पयल्या-दुसऱ्याला वाकावं लागतं, चौथ्याला हात पुरत नाय. तिसरं नेमकं कमरेला येतं. गच भरलेलं होतं. मूठबी जायना आत."

मिस्त्रींच्या हातातला घास हातातच राहिला.

"काशे," ते हळू म्हणाले, "तू तिसरं तोंड साफ केलंस?"

"साफ कशाला करू? कालवं काढली. आय काढायची तशी. आठवड्याला एका तोंडाची. इसरलास? आय, मावशी, शेजारच्या बाया, सगळ्या तिथंच तर यायच्या. घराच्या दाराशी कालवं असल्यावर खडकावर कोन मरायला जातं?"

मिस्त्रींनी घास ताटात ठेवला आणि उजव्या हाताची मूठ वळून डाव्या हाताच्या बोटांच्या कड्यात घातली. कडं आवळत नेलं. मूठ अडकली. तोंड चोंदलं की भरतीचं पाणी आत घुसायला वेळ लागतो, आणि ओहोटीला आत साठलेलं बाहेर पडायलाही वेळ लागतो. दोन्ही वेळा भिंत उशिरा बोलते. सकाळी दुसरी ओळ नेहमीसारखीच उशिरा वाजली होती. तिसरी वेळेवर वाजली होती. वेडं कुणीच झालं नव्हतं.

दोन वर्षं हा माणूस वर शिडीवर चढून काच बदलत राहिला. खाली पाण्यात, बायकांच्या कामाच्या जागी, त्यानं एकदाही पाहिलं नव्हतं. आणि कालवं काढणाऱ्या बायका वेळ राखत आहेत हे बायकांनाही कधी कळलं नव्हतं. त्या स्वयंपाक करत होत्या. भिंतीचा तो अर्धा तास मी आदल्या दिवशी तीनदा वाढून घेऊन खाल्ला होता.

"मला बापानं कवा सांगितलं नाय," मिस्त्री म्हणाले.

"त्याला तरी कुठं म्हाईत होतं? त्याच्या पुढ्यात ताट यायचं," काशीबाय म्हणाली.

विनोद इतका वेळ आमच्याकडे पाठ करून हात धूत होता. तो वळला. "आये, म्हंजे आज तिसरी बोलंल ती खरी?"

"तिसरी खरी. चौथीचं ऐकू नको, ती चोंदलेली हाय."

"नक्की?"

"मी टोचलंय रे माज्या हातानं. मला इचारतोस?"

इथे मी पुन्हा तोंड घातलं. माझ्या फोनवर भरती-ओहोटीचं कोष्टक होतं, आणि त्यावरून मी वहीत गणित मांडलं होतं. दुपारी साडेतीनच्या आधी उंबरठ्यावरचं पाणी कमी होणार नाही, असं ते गणित सांगत होतं. मी ते विनोदला दाखवलं. त्यानं आदरानं पाहिलं.

"हे कुठल्या बंदराचं, काका?"

मी नाव वाचलं. ते इथून पुष्कळ दूरचं मोठं बंदर होतं.

"तिथला उंबरठा तिथल्यांना," तो म्हणाला आणि धक्क्याकडे गेला.

अडीच वाजता पाणी उतरणीला चांगलं लागलं होतं, पण खाडी भरलेलीच दिसत होती. विनोदचे खलाशी निवांत बर्फ चढवत होते. पावणेतीनच्या सुमारास चौथी बोलू लागली. आळी धक्क्यावर, आम्ही पडवीत. मिस्त्री ओट्यावर बसले होते आणि त्यांच्या पायाशी पहार होती. ती त्यांनी स्वतःच आणून ठेवली होती, दिलेला शब्द दिसावा म्हणून.

चौथी चालू असतानाच तिसरीनं तोंड उघडलं. तीन वाजायला पाच मिनिटं कमी.

"एवढ्यात?" धक्क्यावरून कुणीतरी ओरडलं. "पानी तर बघ किती हाय!" माझ्या वहीप्रमाणे अजून पस्तीस मिनिटं होती. बर्फाच्या लाद्या निम्म्या धक्क्यावरच होत्या. खलाशी विनोदकडे पाहू लागले. विनोदनं एकदा खाडीकडे पाहिलं, एकदा पडवीकडे. पडवीत काशीबाय उभी राहिली होती, गुडघे विसरून. ती ओरडली नाही. नुसता हात वर करून बाहेरच्या दिशेनं झटकला, बाजारात गिऱ्हाइकाला 'हो पुढं' म्हणतात तसा.

"सोड दोर!" विनोद म्हणाला. "बर्फ राहू दे!"

होडी निघाली. मुखापाशी पोचेपर्यंत भिंत दोन सुरांत बोलत होती. उंबरठ्यावर होडीचा मागचा भाग किंचित दबला, मागे गढूळ पाण्याचा पट्टा उठला, आणि माझ्या शेजारच्या बाईंनी डोळे मिटले. मग होडी वर आली आणि पलीकडच्या निळ्या पाण्यात गेली.

बारा मिनिटांनी उंबरठ्यावर पांढरा फेस फुटू लागला. वाळू वर येत होती. माझ्या वहीच्या हिशेबानं निघणारी होडी त्या वेळी अजून धक्क्यावर बर्फ भरत असती. मी वही मिटली.

मिस्त्रींनी पहार उचलली आणि परत कोपऱ्यात नेऊन ठेवली. टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत. पालघरला त्या सगळ्या संपल्या असाव्यात.

संध्याकाळची बैठक मात्र भिंतीपेक्षा मोठ्या आवाजाची झाली. भिंत ठेवायची हे पहिल्या मिनिटाला ठरलं. उरलेला वेळ गेला तो तोंडं कुणी राखायची यावर. कुणीतरी म्हणालं, बायांनी पाळी लावावी, पूर्वी त्याच करायच्या.

"पूर्वी कंपनी नव्हती," मागून एक तरुण मुलगी म्हणाली. "माजी पाळी सकाळी सातची असती. तुमची कुठली असती?"

काशीबायनं निवाडा दिला. "खातात कोन? सगळी. मंग काढतील सगळी. होडी ज्याची, पयलं तोंड त्याचं."

"आनि पावनं?" कुणीतरी चेष्टेनं विचारलं.

"सगळ्यात जास्त त्यांनी खाल्ली," काशीबाय म्हणाली, "त्यांची दुसरी पाळी."

मुरबे, सोमवार

विनोद बर्फाविना फार लांब गेलाच नव्हता. रात्रीच्या भरतीला परत आला होता. सकाळी पाणी उतरलं तेव्हा तो पहिल्या तोंडापाशी गुडघाभर चिखलात वाकला होता, आणि मी दुसऱ्यापाशी. टोचा बुडाशी घालून कालव मुळासकट उचकटायचं, असं ते काम आहे. ऐकायला सोपं आहे. कालवाची कड पात्यासारखी असते, आणि माझा अंगठा नेमका तिच्या वाटेत होता.

मिस्त्री वरून पाहत होते. मी त्यांना विचारलं, त्या अकरा बाटल्या आता काढणार का?

"राहू द्या. त्यांनी काय वाईट केलंय?" मग म्हणाले, "बापानं भिंत बांधली, आनि वेळ आय राखायची. मी उगीच बापाचंच नाव सांगत फिरलो." मुकी निळी बाटलीही त्यांनी बसवली होती. सकाळचं ऊन अजून तिच्यापर्यंत पोचलं नव्हतं.

विनोद जोरात होता. त्यानं तोंडाची एक बाजू पार खरवडून काढली. वरून काशीबाय कडाडली, "अरे सगळी नको! बारकी ठेव! एवडं मोठं केलंस तर पुढल्या उधानाला वेळेच्या आधीच बोंबलंल!"

मी टोचा थांबवला. नकाशे काढणाऱ्याला मापाशिवाय हात चालवता येत नाही. अंगठा तोंडात धरून मी वर पाहिलं आणि विचारलं, नेमकी किती काढायची, किती इंच, कुठवर?

काशीबायनं माझ्याकडे असं पाहिलं, की एवढा शिकलेला माणूस आणि असला प्रश्न.

"जेवनाला पुरतील तेवडी," ती म्हणाली.

मी वहीत मापाच्या रकान्यात तेच लिहिलं.